मधल्या रेतीवरचे साठ वेल

आमचा जिल्हा म्हटला की लोकांना जंगल आठवतं. साग, बांबू, वाघ. नागपूरकडचा माणूस भेटला की पहिले हेच विचारतो, वाघ पाहिला काय? मी सांगतो, बाबा, माझं अर्धं आयुष्य जिथं गेलं तिथं वाघाला टेकायला एक झाड नव्हतं. त्याला खोटं वाटतं. वाटो. शाळा मी तिसरीपर्यंतच पाहिली, तीही अर्धी, पण रेतीबद्दल मला कोणी शिकवू नये.

आमचं गाव वैनगंगेच्या काठावर, आरमोरीहून बैलगाडीनं अर्ध्या दिवसाचं. मी सांगतो ती गोष्ट सन पन्नासच्या पुढची, चांदा जिल्हा अजून एकच होता तेव्हाची. पावसाळ्यात या काठावरून त्या काठाचा माणूस ओळखू येत नाही, एवढं पाणी. दिवाळी झाली की ते उतरू लागतं. पौषात पाहावं तर नदी एका बाजूला सरकलेली आणि बाकी सगळी रेती. पांढरी, अफाट, झुडूप म्हणून नाही. चैतात दुपारी तिच्याकडे उघड्या डोळ्यांनी पाहवत नाही. पाच-सहा महिने वाळवंट आमच्या दाराशी येऊन बसतं आणि आषाढात उठून जातं. घरातली पोरं आता टीव्हीवर राजस्थान पाहून तोंड उघडं टाकतात. मी म्हणतो, त्यात उंट तेवढे जास्त आहेत.

आम्ही नदीचे लोक. पावसाळ्यात जाळं, उन्हाळ्यात डांगरवाडी. म्हणजे रेतीत खड्डे करून लावलेले टरबूज, खरबूज, काकडीचे वेल. हात-दोन हात रेती उकरली की ओल लागते. तिथं शेणखत टाकायचं, बी टाकायचं, वेल धरेपर्यंत घड्यानं पाणी घालायचं. मग मुळ्या खालच्या पाण्याकडे जातात आणि वेल आपला आपण जगतो. ज्यानं कधी पाहिलं नाही त्याला तापल्या रेतीवर हिरवं टरबूज दिसलं तर वाटतं, कोणी बाजारातून आणून ठेवून दिलं असेल.

त्या रेतीवर कोणाचं नाव नव्हतं. नदी दर साली ती नवी करायची. मागल्या साली जिथं काकड्या तोडल्या तिथं यंदा डोह असायचा. माझ्या आईला त्याच रेतीत अग्नी दिला, आणि त्या पावसाळ्यात ती जागा वाहून गेली. तरी रेती उघडी पडली की बा एका ठिकाणी जाऊन जरा वेळ उभा राहायचा. तीच जागा कशावरून, हे मी त्याला विचारलं नाही. तो उभा राहायचा, विडी ओढायचा आणि कामाला लागायचा.

जागा धरायच्या दिवशी सगळा मोहल्ला रेतीवर उतरायचा. ज्याला जी जागा आवडली तिथं त्यानं कोपरभर खड्डा करायचा, तळाची रेती मुठीत घट्ट दाबायची आणि तो गोळा उन्हात ठेवून एक विडी ओढायची. विडी संपेपर्यंत गोळा फुटला नाही तर जागा चांगली, खुटी ठोका. फुटला तर पुढे चला. एवढं सगळेच करत. बाचं आणखी एक होतं. तो गोळा उचलून गालाला लावायचा, डोळे मिटायचा आणि मग बोलायचा. आम्ही भाऊ त्याच्या मागे त्याची नक्कल करायचो.

मी तेव्हा बावीस-तेवीसचा, लग्नाला दोन वर्षं झालेली. माझ्यावर दोन मोठे भाऊ. आमच्या तिघांच्याही वाड्या बाच्या वाडीला लागून, एका ओळीत. खड्डा किती खोल ते बा सांगणार, पाणी कधी तोडायचं ते बा सांगणार, आणि टरबूज मोठं निघालं की लोक म्हणणार, बुढ्याच्या हाताला यश आहे. मला त्याचा वीट आला होता. मलाही दोन हात होते.

त्या साली जागा धरायच्या चार दिवस आधी अवकाळी पाऊस येऊन गेला. नदीच्या पात्रात मधोमध रेतीचा एक उंच पट्टा होता, त्याला आम्ही मधली रेत म्हणायचो. तिथं कोणी वाडी करत नसे. मी सरळ तिथं गेलो, खड्डा केला, गोळा दाबला. एक विडी संपली, दुसरी लावली, गोळा जसाच्या तसा. मी सगळ्यांना हाका मारून बोलावलं.

बानं गोळा गालाला लावला.

"थंडा हाय," तो म्हणाला.

"मंग? ओल थंडीच असते."

"खालची ओल या दिवसात कोमट लागते, लेका. हे वरून आलेलं पानी हाय. पाहुनी ओल. फागुन पाहनार नाई."

"तुले माही वेगळी वाडी पाहवत नाई, म्हनून सांगून राह्यला."

सगळा मोहल्ला ऐकत होता. बानं गोळा खाली ठेवला, फोडला नाही.

"लाव मंग," तो म्हणाला.

"लावतोच. साठ वेल लावतो. नाई आले तं आलापल्लीच्या जंगलात लाकडं तोडाले जाईन, पन या नदीवर तोंड दाखवनार नाई."

आलापल्लीला सागाच्या कटाईवर माणसं लागत. आमच्यात नदी सोडून कुऱ्हाड धरणं म्हणजे घरातून उठून गेल्यासारखं समजत. मी ते रागाच्या भरात बोललो असतो तर दोन दिवसांनी हसून सोडता आलं असतं. मी समजून-उमजून बोललो होतो. त्या दिवसापासून गावात सगळ्यांना ठाऊक झालं की मधल्या रेतीवरचे साठ वेल जगले तर हा इथं राहणार, नाहीतर जाणार.

सुरुवात चांगली झाली. बी उगवलं, दोन पानांवरून चार पानांवर आलं. रेतीत पाण्यासाठी जो खड्डा खणतात त्याला आम्ही झिरा म्हणतो. माझ्या झिऱ्याला पौषात कमरेएवढ्यात पाणी होतं. मी भावांना मुद्दाम बोलावून त्यातलं पाणी पाजलं. माघात तेच पाणी माणूसभर खाली गेलं. फाल्गुन लागला तेव्हा झिरा आणखी खणायला म्हणून आत उतरलो आणि चारी बाजूंच्या कडा ढासळल्या. कमरेपर्यंत रेतीत अडकलो. बायकोनं दोन्ही हात धरून ओढून काढलं.  झिऱ्याच्या जागी नुसती एक खळगी राहिली होती.

मग पाणी आणायचं ते नदीच्या धारेवरून. धार त्या साली पलीकडच्या काठाला लागून वाहत होती, माझ्या वाडीपासून चारशे पावलांवर. माझ्या कावडीला दोन घडे, बायकोच्या डोक्यावर एक. साठ खड्डे, म्हणजे वीस खेपा. फाल्गुनात रोज वीस. चैतात पानं दुपारीच मान टाकू लागली, तेव्हा चाळीस.

रेतीवरून चालणं रस्त्यावरून चालण्यासारखं नसतं. पाय टाकला की अर्धा मागे येतो. चारशे पावलं म्हणायची, अंगाला ती सहाशे पडतात. दिवस हातभर वर आला की रेती भाजू लागते. आम्ही पळसाची पानं एकावर एक ठेवून अंबाडीच्या सुतळीनं पायाला बांधायचो. दहा खेपांत पानांचा चुरा व्हायचा, मग पुन्हा नवी पानं. दुपारी वारा सुटला की रेती उडून वेलांवर बसायची. मी तुरीच्या काड्यांचं कुंपण केलं होतं, पण ती त्यातूनही यायची. सकाळी पाण्याच्या आधी बोटांनी एकेक पान मोकळं करायचं काम. ते बायको करायची. माझी बोटं जाड, मी केलं की पान तुटायचं.

तिचं माहेर धानाचं. तिच्या गावी तळं, तळ्याच्या पाळीवर आंबे.

"माह्या गावी भूत बी इतकं चालत नाई," ती म्हणायची.

"तुह्या गावची भुतं आळशी."

सुरुवातीला अशी चेष्टा चालायची. चैत अर्धा झाला तोवर तीही बंद झाली. जाताना ती पुढे, येताना ती पुढे, आणि मी तिच्या टाचांकडे पाहत चालायचो, कारण दुसरीकडे कुठं पाहिलं तरी डोळे दिपायचे.

माझ्या वाडीतून बाची वाडी दिसायची. दीडशे पावलांवर, काठाला लागून. तिथं झिऱ्यात हात घातला की पाणी. बा दुपारी पालाच्या सावलीत बसून विडी ओढायचा, धूर दिसायचा. तो इकडे आला नाही, मी तिकडे गेलो नाही.

"मामाजीच्या झिऱ्यातून आनू का दोन घडे?" बायकोनं एकदा विचारलं. "जवळ पडते."

"नाई."

"काऊन? पानी तं नदीचंच हाय."

"नाई म्हनलं न."

काठाकडच्या एका वाडीत नात्यानं काकी लागणारी एक म्हातारी होती. धुणं घेऊन धारेवर यायची, तिथं रोज भेटायची आणि रोज काही तरी बोलायची.

"काय गा, कुऱ्हाडीले धार लावली का नाई?"

"कायले, काकी? टरबूज कापाले इळाच पुरते."

"पहिले धरू तं दे, बाप्पा. तुह्या बायकोची मान आत गेली पाह्य, कासवावानी."

मी हसून कावड उचलायचो. चालायला लागलो की हसणं तोंडावरच वाळून जायचं. खांद्यावर कावडीचा घट्टा पडला होता, तो फुटायचा, पुन्हा धरायचा. मी लुगड्याचा तुकडा घडी करून खाली घ्यायचो. आताही त्या खांद्यावर सदरा घासला की मला समजतं.

वेलांना मुठीएवढी फळं धरली. कोणाला खोटं वाटेल, पण त्याचा मला आनंद झाला नाही. फळ धरलं की वेल दुप्पट पाणी मागतो. आम्ही देत होतो तेवढंच देऊ शकत होतो. वाटेकडच्या खड्ड्यांना पूर्ण घडा मिळायचा. पलीकडच्या टोकापर्यंत जाता जाता हात गळून गेलेले असायचे, तिथं अर्धा घडा, कधी तोही नाही. वाटेकडचे वेल हिरवेगार दिसत, टोकाकडचे करपल्यासारखे.

"अर्धे सोडून द्या," बायको म्हणाली. "साठ जगत नाईत आपल्याच्यानं."

"साठ म्हनलो, साठ."

"कोनाले म्हनले?"

"सगळ्याईले."

"सगळे पानी आनून राह्यले का?"

मी कावड उचलली. त्यानंतर दोन दिवस ती नुसती खेपा घालत होती.

तिसऱ्या दिवशी सकाळची सोळावी खेप असेल. धारेहून येताना ती माझ्यापुढे होती. अर्ध्या वाटेवर तिनं डोक्यावरचा घडा उतरवला, रेतीवर ठेवला आणि बाजूला बसली. मला वाटलं, पानं बांधत असेल. तिनं घडा कलता केला आणि त्यातलं पाणी आपल्या पायांवर ओतलं. सगळा घडा. रेतीनं ते तिथल्या तिथं पिऊन टाकलं.

"काय करून राह्यली? एका वेलाचं पानी गेलं!"

"जाऊ द्या."

"उठ."

"नाई उठत," ती म्हणाली. रडत नव्हती, ओरडत नव्हती. "तुमी आलापल्लीले जातो म्हनता न? चाला. आत्ताच चाला. जंगलात सावली तं असन."

इतके दिवस मी साठ वेल धरून बसलो होतो ते तिथं जावं लागू नये म्हणून, आणि हिला तिथंच जायचं होतं. मला फार राग आला. मी कावड उतरवली, तिच्याजवळ गेलो. काय बोलणार होतो ते आता आठवत नाही, कारण जवळ गेल्यावर मला तिचे तळवे दिसले. पानांचा चुरा झाला होता, त्याखाली ते सोललेले होते. फोड आलेले, फुटलेले, त्यात रेती भरलेली. रोज तिच्या टाचा पाहत चालत होतो मी. टाचा धड होत्या. ती पुढच्या चवड्यावर चालत नव्हती तर टाचेवर चालत होती, एवढं माझ्या ध्यानात आलं नव्हतं.

मी दोन्ही घडे तिच्याजवळ ठेवले आणि वाडीत आलो. टोकाकडचा एक करपलेला वेल धरला आणि ओढला. ओढताना वाटलं, आता हे सगळ्या रेतीवरून दिसत असेल. दिसत होतंच. काकी हातातलं काम सोडून उभी राहिली होती. दूर माझे दोन्ही भाऊ उभे होते. वेल उपटायला भर उन्हासारखी वेळ नाही, सगळ्यांना चांगलं दिसतं.

दुसऱ्या वेलाला हात घातला तेव्हा मागून आवाज आला.

"ते नाई."

बा होता. दीडशे पावलं चालून आला होता. चार महिन्यांत पहिल्यांदा.

"हे मेलेलेच हायत," मी म्हणालो.

"मेले म्हनून तुले कोनं सांगतलं? ते उपट." त्यानं वाटेकडचे हिरवे वेल दाखवले.

"हिरवे उपटू?"

तो वाद घालत बसला नाही. एक हिरवागार वेल धरला आणि उपटून माझ्यापुढे टाकला. त्याच्या मुळ्या वितीएवढ्या, झुबक्यासारख्या एका जागी गोळा झालेल्या. मग तो टोकाकडे गेला, एका करपलेल्या वेलाशी गुडघे टेकून बसला आणि हातानं बाजूची रेती काढू लागला. एक मूळ सरळ खाली गेलं होतं. कोपर रेतीत गेलं तरी मूळ संपलं नाही. त्यानं रेती पुन्हा लोटून दाबली.

"त्याले तू भरपूर पाजलं, ते वरच बसून राह्यलं. याले कमी पाजलं, ते खाली गेलं. आता समजलं?"

समजलं होतं. जे वेल मी अंग मोडून जगवत होतो तेच मरणारे होते, आणि ज्यांना मी दमून टाकून दिलं होतं ते आपली सोय आपण करत होते. मी एकटा असतो तर जगणारे उपटून मरणाऱ्यांना पाणी घालत बसलो असतो.

बायको पाय ओढत तिथवर आली होती. डोक्यावरचा पदर पुढे घेऊन ती पाठ करून उभी राहिली. सासऱ्याशी तोंडानं बोलायची आमच्यात रीत नव्हती. ती रिकाम्या घड्याकडे पाहून मोठ्यानं बोलली, "इचारा न, किती ठेवाचे?"

बा रेतीकडे पाहून म्हणाला, "सांग तिले, वीस. माह्या झिऱ्यात तेवढंच पानी उरते. चाळीसाचं नाई."

तिला सांगावं लागलं नाही. मलाही त्यानं, पाणी नेशील काय, असं विचारलं नाही. वीस म्हणाला आणि उपटायला लागला. मी दुसऱ्या बाजूनं सुरू केलं. चाळीस वेल. एकेकाला दोन-तीन मुठीएवढी फळं. दुपार होईपर्यंत आम्ही दोघं रेतीवर रांगत होतो आणि त्याच्या गुडघ्यांचा आवाज मला ऐकू येत होता. तो तेव्हा साठीला आलेला. मधे एकदा थांबला, कंबर धरली, पुन्हा खाली बसला. बायकोनं सगळी कच्ची फळं पाटीत भरली. कोवळ्या टरबुजाची भाजी होते. काकी आली, पदर पसरून घेऊन गेली. भाऊ घेऊन गेले. त्या संध्याकाळी अख्ख्या मोहल्ल्यात एकच भाजी शिजली, माझ्या वाडीची.

"चव चांगली हाय गा," काकी दुसऱ्या दिवशी म्हणाली. "मंग, जंगल का नदी?"

  साठ म्हणालो होतो, वीस राहिले होते. हे आले म्हणायचे की नाही आले, ते ठरवणारं कोणी नव्हतं. मी दीडशे पावलं चालत बाच्या झिऱ्यावर गेलो आणि घडा बुडवला. बा पालात बसला होता. त्यानं पाहिलं आणि विडी पेटवली.

रोज वीस घडे. सगळे मीच न्यायचो. बायको पायाला हळद-तेल लावून पालात बसायची आणि तिथून मला सांगायची, कोणत्या वेलाचं पान उभं राहिलं. कधी माझ्यावर चिडून, कधी नुसतीच. काही दिवस तिनं आलापल्लीचं नाव काढलं नाही. एकदा काढलं, तेव्हा मी म्हणालो, तुझे पाय बरे होऊ दे, मग पाहू. तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी खाली पाहिलं.

वैशाख सरता सरता टरबुजं पिकली. मोठी नव्हती. करपलेल्या वेलांची ती, मोठी कुठून होणार? साल जाड, आत लाल. लोक आले, पाहून गेले, कोणी काही बोललं नाही. मला वाटत होतं, कोणी तरी बोलावं. टोमणा मारला असता तरी चाललं असतं.

त्यातलं एक मी बाच्या घरी नेऊन ठेवलं. तो ओसरीवर बसला होता. त्यानं विळा मागवला, टरबूज कापलं, एक फोड मला दिली, एक आपण घेतली. दोघांनी खाल्ली.   खाऊन झाल्यावर त्यानं थुंकलेल्या बिया गोळा केल्या, लोट्यातल्या पाण्यानं धुतल्या, बोटानं एकेक पाहिली. दोन-तीन पोचट होत्या, त्या फेकल्या. बाकीच्या सुपात पसरून उन्हात ठेवल्या. पुढल्या सालाचं बी तो असंच राखायचा. त्या दिवसापर्यंत आपल्या वाडीच्या बाहेरचं बी त्यानं कधी राखलं नव्हतं.

"सूप आत घेजो, वारा सुटला तं," तो म्हणाला आणि आडवा झाला.

मी तिथं बसून राहिलो. वारा सुटला तेव्हा सूप आत नेऊन ठेवलं, घरी आलो आणि झोपलो. दिवस अजून बराच वर होता.